‘गेले’ आणि ‘मारलं’ यांच्यामधली जागा

बास्क भाषेत मरण्याला आणि मारण्याला एकच क्रियापद आहे: ‘हिल’. त्याच्यापुढे कोणतं सहायक क्रियापद येतं त्यावर सगळं ठरतं. ‘आइता हिल सेन’ म्हणजे बाबा वारले. ‘आइता हिल सुतेन’ म्हणजे बाबांना मारलं. सत्तरीतली एक बाई स्वयंपाकघरात बसून बोलते आहे, बाहेर सिरिमिरी, म्हणजे तिकडचा भुरभुर पाऊस, खिडकीवर वाजतो आहे, वाक्य संपताना तिचा आवाज खाली जातो आणि सगळा अर्थ त्या शेवटच्या शब्दावर येऊन ठेपतो. लेपल माइक स्वेटरला घासला तर नेमका तोच शब्द जातो. मग सबटायटल लिहिणारा अंदाजाने ‘वारले’ लिहितो आणि एक खून कागदावरून नाहीसा होतो.

‘सुतेन’मधून मारणारे एकाहून जास्त होते एवढं कळतं. कोण, ते कळत नाही. आपलं ‘बाबांना मारलं’ हे वाक्यही तसंच आहे, कर्ता गाळला तरी पुरं वाटणारं. बास्क हिंसाचाराच्या आठवणींवर माहितीपट करणाऱ्याची झुंज पहिल्या भेटीपासून शेवटच्या साउंड मिक्सपर्यंत या गाळलेल्या कर्त्याशी असते. तो बोलण्यात गाळलेला असतो, जुन्या बातम्यांत गाळलेला असतो, गावाच्या आठवणीतही गाळलेला असतो. आणि लक्ष ठेवलं नाही तर आपल्या एडिटमध्येही तो गळतो, तेही कुणाच्या ध्यानात न येता.

पार्श्वभूमी थोडक्यात. स्पेनच्या उत्तरेतल्या बास्क प्रदेशाचं स्वातंत्र्य मागणारी ‘एता’ ही सशस्त्र संघटना १९५९ मध्ये, फ्रँकोच्या हुकूमशाहीत जन्मली. १९६८ मध्ये तिने माणसं मारायला सुरुवात केली. फ्रँको १९७५ मध्ये गेला, लोकशाही आली, तरी हत्या थांबल्या नाहीत. उलट आठशेहून अधिक बळींपैकी बहुतेक त्यानंतरचे आहेत. २० ऑक्टोबर २०११ रोजी संघटनेने शस्त्रसंघर्ष कायमचा थांबवला आणि ३ मे २०१८ रोजी आपण विसर्जित झाल्याचं जाहीर केलं. दुसऱ्या बाजूला १९८३ ते १९८७ या काळात ‘गाल’ या नावाने राज्ययंत्रणेतल्या लोकांनी चालवलेल्या टोळ्यांनी २७ जणांना मारलं. पोलीस कोठडीतल्या छळाबद्दल बास्क सरकारने करवून घेतलेल्या आणि २०१७ मध्ये आलेल्या अभ्यासात १९६० ते २०१४ मधली ४,११३ प्रकरणं नोंदली गेली. हे सगळं जेमतेम बावीस लाख वस्तीच्या मुलखात घडलं. गोळी झाडणाऱ्याची आई आणि गोळी लागलेल्याची बायको एकाच बेकरीत पाव घ्यायला येत, इतकी ही जागा लहान आहे.

म्हणूनच गप्प बसणं ही तिथली सर्वांत मोठी सामूहिक कृती होती. कुणी मारला गेला की एक वाक्य ठरलेलं असे: ‘आल्गो आब्रा एचो’, काहीतरी केलं असणार त्याने. ‘उगाच का कुणी मारेल’ हे आपलं वाक्य त्याच कुळातलं. हे कुणी मोठ्याने म्हणत नसे, जिन्यात म्हटलं जाई. माहितीपट करणाऱ्याला ते जिन्यातलं वाक्य हवं असतं, आणि ते कॅमेऱ्यासमोर जवळजवळ कधीच येत नाही.

त्यामुळे पहिल्या दोन-तीन भेटी कॅमेऱ्याविना व्हाव्यात. वही घ्यावी, फोन बाहेर काढू नये. वर्षश्राद्धाच्या आठवड्यात तर जाऊच नये. त्या दिवसांत टीव्हीवाले येऊन गेलेले असतात आणि माणूस तेव्हा आपली ठरलेली कहाणी सांगतो, वर्षानुवर्षं घासून गुळगुळीत झालेली. या भेटींत एक गोष्ट स्पष्ट सांगायचीच, फिल्ममध्ये आणखी कोण कोण असणार ती. पूर्ण यादी, नावानिशी. २००३ मध्ये सान सेबास्तियान या बास्क शहरातल्या चित्रपट महोत्सवात सुमारे ७० मुलाखतींचा एक माहितीपट आला, ‘ला पेलोता बास्का’. त्यातल्या दोघांनी नंतर आपल्या मुलाखती काढून टाकण्याची मागणी केली. त्यांचं म्हणणं त्यांच्या शब्दांपेक्षा त्यांना कुणाशेजारी ठेवलं याबद्दल होतं. शेजार हा इथे आशयच असतो. संमतिपत्रावर ‘माझी मुलाखत वापरावी’ एवढं पुरत नाही. यादी बदलली तर मला कळवलं जाईल आणि अंतिम कट होण्याआधी मला माघार घेता येईल, अशी दोन कलमं हवीतच. निर्माता कुरकुरेल. तरी हवीत.

यादी करताना हमखास होणारी चूक म्हणजे सगळं चित्रण बास्क प्रदेशातच उरकणं. एताच्या बळींमध्ये दोनशेहून अधिक गार्दिया सिव्हिल या निमलष्करी दलाचे लोक होते. त्यांतले कितीतरी आंदालुसिया, एस्त्रेमादुरा अशा दूरच्या, गरीब प्रांतांतून नोकरीसाठी आलेले. अंत्यविधी घाईत उरकायचा, शवपेटी लगोलग दक्षिणेला रवाना करायची, आणि बायको-मुलं तिच्या मागोमाग कायमची निघून जायची. त्यांची आठवण त्या हिरव्या डोंगरांत नाही, हजार किलोमीटर खाली ऑलिव्हच्या शेतांत आहे. बजेटमध्ये तो प्रवास पहिल्या दिवसापासून धरला नाही तर अखेरीस पैसे संपतात आणि हीच माणसं गळतात. मग फिल्म भरते ती बोलायची सवय असलेल्या नेत्या-लेखकांनी. कैद्यांच्या घरच्यांचं अंतर उलट दिशेचं. १९८९ पासून एताच्या कैद्यांना मुद्दाम दूरदूरच्या तुरुंगांत विखरून ठेवलं जाई आणि आई-वडील भेटीच्या अर्ध्या-पाऊण तासासाठी रात्रभर गाडी चालवत. या प्रवासांत अपघात होऊन १६ जण गेले. ते धोरण २०२३ मध्ये संपलं. दोन्ही प्रवास फिल्ममध्ये यावेत, पण एकाला दुसऱ्याचं उत्तर करू नये. याकडे पुन्हा येतो.

चित्रणाची जागा बहुधा स्वयंपाकघरच असते, कारण तिकडची माणसं तिथेच बोलतात. दिवाणखान्यात पाहुणे बसतात. स्वयंपाकघरात फ्रिज असतो आणि फ्रिजची घरघर शांत क्षणीच ऐकू येते. तो बंद करायचा आणि गाडीच्या किल्ल्या आत ठेवायच्या. म्हणजे निघताना चालू करायला विसरत नाही. वीज ५० हर्ट्झची, म्हणून २५ फ्रेम आणि १/५० शटर, नाहीतर ओट्यावरची ट्यूब लुकलुकते. लेपल आणि बूम, म्हणजे काठीवरून वर धरलेला माइक, दोन्ही लावावेत, वेगवेगळ्या ट्रॅकवर, ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिट. रडू आलं की माणूस छातीवर हात नेतो आणि लेपल हमखास मरतो. तेव्हा बूम वाचवतो. जवळच्या चर्चची घंटा किती मिनिटांनी वाजते ते आधी बघून ठेवायचं. वाक्याच्या मध्यावर घंटा आली तर ते वाक्य नंतर कापता येत नाही.

मुलाखत संपली की सगळ्यांनी जागच्या जागी गप्प बसून किमान १ मिनिट रूम टोन, म्हणजे खोलीचा नुसता आवाज, घ्यायचा. मी तर म्हणेन ३ मिनिटं घ्या. या विषयात त्याची गरज नेहमीपेक्षा जास्त पडते, कारण इथे बोलण्याइतकाच थांबा महत्त्वाचा. ‘त्या दिवशी कोण कोण भेटायला आलं?’ या प्रश्नानंतर ११ सेकंद काहीच नाही, मग ‘कुणी नाही’. एडिटमध्ये ते ११ सेकंद ३ वर आणायचा मोह होतो. चहाच्या कपावर एक कटअवे, म्हणजे मधेच जोडायचा दुसरा शॉट, टाकला की सांधा दिसतही नाही. पण ११ सेकंदांत ती बाई एकेक घर आठवून पाहत होती, आणि ३ सेकंदांत ती तक्रार करते. शब्द तेच राहिले, साक्ष बदलली. म्हणून माझ्या मते या विषयात कटअवे आधी घ्यायचेच नाहीत. ते हाताशी नसले की थांबा कापता येत नाही.

शांततेचं आणखी एक रूप तिथे होतं, धैर्याचं. ‘खेस्तो पोर ला पास’ या नागरिकांच्या चळवळीचे लोक १९८० च्या दशकाच्या मध्यापासून, राजकीय हिंसेत कुणीही मेलं, अगदी एताचा माणूस मेला तरी, दुसऱ्या दिवशी चौकात १५ मिनिटं मूक उभे राहत. लहान गावात सात-आठ माणसं, एक फलक, आणि खिडक्यांतून बघणारे शेजारी. १९९० च्या दशकात एताने केलेल्या अपहरणांच्या काळात त्यांच्या समोर, काही पावलांवर, एताच्या बाजूचा जमाव घोषणा देत उभा राही. चळवळ २०१३ मध्ये, हेतू पूर्ण झाला म्हणून, विसर्जित झाली. तिच्या चित्रफिती भरपूर आहेत. पण टीव्हीवर गेलेली प्रत मागवली तर तिच्यावर निवेदकाचा आवाज चढलेला असतो. मूक माणसांच्या तोंडावर बातमी बोलते. म्हणून संग्रहातून प्रक्षेपित प्रत न मागता मूळ रशेस, म्हणजे न कापलेलं चित्रण, मागायचे. बेटाकॅम टेपवर ध्वनीचे एकाहून अधिक ट्रॅक असतात आणि बरेचदा मोकळा, चौकातला आवाज त्यांतल्या एकावर शाबूत सापडतो: पावलं, खोकला, एखादी मोटारसायकल, समोरच्या घोषणा. मूक निदर्शनाचा हा आवाज ऐकला की कळतं, तिथे शांत असं काहीच नव्हतं.

जुन्या फितीचं चित्र ४:३ असतं. पडदा भरावा म्हणून ते वर-खाली कापू नये. कापलं जाणारं बहुधा वरच्या गॅलरीतलं असतं, आणि या गोष्टीत गॅलरीतली माणसं मोलाची आहेत. आवाज नसलेल्या फितीवर स्फोटाचा, सायरनचा तयार आवाज चढवू नये. तो खोटा पुरावा होतो, आणि प्रेक्षागृहात असा माणूस बसलेला असू शकतो ज्याने खरा आवाज ऐकला आहे. फुटपाथवर चादरीखाली पडलेला देह दाखवायचा असेल तर आधी घरच्यांना विचारावं. हो म्हणाले तर कितव्या मिनिटाला, किती सेकंद, ते लिहून कळवावं. नाही म्हणाले तर विषय संपला, संग्रहाचा परवाना खिशात असला तरी.

आता एडिट. तिकडे या विषयावरच्या फिल्मवर ठेवला जाणारा सर्वांत जड आरोप म्हणजे ‘एकिदिस्तान्सिया’, समान अंतर राखणं, दोन्ही बाजूंना सारखंच तोलणं. गंमत अशी की दिग्दर्शकाच्या मनात ते नसतानाही कात्री ते करून टाकते. विधवेचा क्लोजअप, लगेच कैद्याच्या आईचा क्लोजअप, दोन्हीकडे खिडकीतून तोच मऊ उजेड, खाली तोच पियानो. एक शब्द न बोलता फिल्मने सांगितलं की दोन्ही दुःखं एकाच जातीची आहेत. दुःख दोघींचंही खरं आहे, आणि दोन्ही दाखवायलाच हवीत. पण एकीचं दुःख कुणीतरी ठरवून, पाळत ठेवून, पाठीमागून येऊन घडवलेलं आहे. कोठडीत ज्याचा छळ झाला त्याचंही कुणीतरी घडवलेलं आहे, आणि ते ‘कुणीतरी’ सरकारी पगारावर होतं. हे कर्ते समांतर कटिंगमध्ये विरघळतात. उरतो तो धूसर डोंगरांवरून फिरणारा ड्रोन आणि ‘सगळ्यांनीच सोसलं’ ही भावना. (डोंगरांवरच्या धुक्याचा ड्रोन शॉट तर आता कुणीही घेऊ नये.) उपाय साधा आहे, फक्त लांबी वाढवतो: प्रत्येक प्रकरण सलग सांगायचं. तारीख, गाव, कुणी केलं, खटला झाला की नाही. ते पुरं झाल्याशिवाय दुसऱ्या घरात शिरायचं नाही.

नावांच्या पाट्या हाही असाच नाजूक भाग. गावांना दोन नावं आहेत: अरासाते आणि मोन्द्रागोन, दोनोस्तिया आणि सान सेबास्तियान. माणसांच्या आडनावांनाही दोन लेखनं आहेत, बास्क वळणाचं आणि स्पॅनिश वळणाचं, आणि मेलेल्या माणसाचं आडनाव दुसऱ्याच वळणाने लिहिणं म्हणजे त्याला मरणोत्तर दुसऱ्या गोटात नेऊन बसवणं. घरच्यांना विचारायचं, ते स्वतः सही कशी करत? तसंच लिहायचं. माजी एता सदस्याच्या पाटीवर ‘माजी कार्यकर्ता’ लिहू नये. न्यायालयाने कशासाठी, किती वर्षांची शिक्षा दिली ते लिहावं. पाटीतही कर्ता असतो.

मारणाऱ्याची मुलाखत घेणं हे या कामाचं सर्वांत अवघड टोक. शेकडो हत्यांचा उलगडा आजही झालेला नाही. जुन्या कायद्यात खुनाचा खटला भरायला २० वर्षांची मुदत होती. २०१० च्या सुधारणेनंतर, ज्या दहशतवादी कृत्यात जीव गेला त्याला मुदतच उरली नाही. म्हणजे बोलता बोलता कुणी न उलगडलेल्या प्रकरणाचा धागा सोडला तर तुमची फूटेज ही पुरावा होते आणि तुम्ही साक्षीदार. मुलाखतीआधी वकिलाशी बोलणं दोघांच्याही हिताचं, आणि ‘हे रेकॉर्ड करू नका’ असं कुणी म्हणालं तर कॅमेरा खरोखर बंद करायचा, लाल दिवा झाकून चालू ठेवायचा नाही. शिवाय स्पॅनिश दंडसंहितेचं कलम ५७८ आहे, दहशतवादाचं उदात्तीकरण आणि पीडितांचा अवमान यासाठी. २०२३ मध्ये एताच्या एका जुन्या नेत्याच्या दीर्घ मुलाखतीवरची फिल्म सान सेबास्तियानला दाखवू नये म्हणून पाचशेहून अधिक लोकांनी सह्यांचं पत्र दिलं होतं. महोत्सवाने ती दाखवली. त्या फिल्ममध्ये तो नेता गाल्डाकाओ गावच्या महापौराच्या १९७६ मधल्या हत्येत आपला भाग होता असं कबूल करतो, आणि फिल्म उघडते ती त्या हल्ल्यात जखमी झालेल्या पोलिसापाशी. हा क्रम मला योग्य वाटतो. आधी ज्याला गोळी लागली तो, मग ज्याची संघटना होती तो.

आणि समेट? ज्याला आपण समेटाचा क्षण म्हणू तो बहुतेक वेळा कॅमेऱ्याच्या आवाक्याबाहेर घडला. २००७ पासून आयर्लंडमधल्या ग्लेनक्री या गावी एताचे, गालचे आणि पोलिसी अत्याचाराचे पीडित एकत्र राहून बोलले. बाहेर कळलं ते २०१२ मध्ये. २०११ मध्ये नान्क्लारेसच्या तुरुंगातल्या, संघटनेशी नातं तोडलेल्या काही कैद्यांनी आपल्याच हातून मारल्या गेलेल्यांच्या घरच्यांची भेट घेतली. मध्यस्थांनी आधी दोन्ही बाजूंशी वेगवेगळं, पुन्हा पुन्हा बोलून तयारी केली, आणि कैद्याला या भेटीच्या बदल्यात शिक्षेत सूट मिळणार नाही ही अट होती. मायशाबेल लासा यांनी आपल्या नवऱ्याच्या, २००० मध्ये तोलोसात मारल्या गेलेल्या हुआन मारिया हाउरेगी यांच्या, मारेकऱ्यांपैकी दोघांना असं भेटून घेतलं. त्या खोलीत कॅमेरा नव्हता म्हणूनच ते बोलणं होऊ शकलं. तेव्हा पहिली भेट ‘घडवून’ चित्रित करायचा विचारही करू नये. दोघांनी आधीच एकमेकांना भेटून झालेलं असेल, दोघांनीही आपणहून होकार दिला असेल, तरच. एरवी भेटीबद्दलची आठवण दोघांकडून वेगवेगळी घ्यावी. त्या आठवणी एकमेकींशी जुळत नाहीत, आणि तिथेच फिल्म असते.

‘समेट’ हा शब्दही मला पुरता पटत नाही. तो पंचांपुढचा, दोन्ही पक्षांनी थोडं थोडं सोडण्याचा शब्द आहे. बास्क सरकारच्या ‘गोगोरा’ या स्मृतिसंस्थेच्या पूर्ण नावात ‘बिसिकिदेत्सा’ आहे: सोबत जगणं. मराठीत ‘सहजीवन’ लिहिलं तर लग्नाचं पुस्तक वाटतं. ‘नांदणं’ बरं वाटतं. नांदायला मनं जुळलेलीच असावी लागतात असं नाही. एका छपराखाली दिवस काढता यावेत एवढं पुरे.

सबटायटलला जागा किती? दोन ओळी, ओळीत साधारण ४० अक्षरं, फार तर ६-७ सेकंद. काय गाळायचं हा रोजचा प्रश्न, आणि घाईत पहिला जातो तो कर्ता. २०१८ च्या एप्रिलमध्ये एताने निवेदन काढलं. घडलेल्या वेदनेबद्दल सर्वांसाठी खेद होता, पण क्षमा मागितली होती ती संघर्षात थेट सहभाग नसलेल्या बळींची. दोन क्रियापदं, दोन प्रकारचे मृत. पडद्यावर ‘एताने माफी मागितली’ एवढंच लिहिलं तर वाचायला सोपं, पण त्या निवेदनाने ज्यांना मुद्दाम वगळलं त्यांना आपण परस्पर आत ढकललं. तिथे सेकंद वाढवून घ्यावेत.

एका बाबतीत मात्र मराठीला असा फायदा आहे जो इंग्रजी वा स्पॅनिश सबटायटलला नाही. बास्कमध्ये जुन्या सोबत्यांत ‘हिका’ नावाचं सलगीचं बोलणं असतं. त्यात आपण कुणाशी बोलतो आहोत, बाप्याशी की बाईशी, हे क्रियापदातच लागतं, बोलणं तिसऱ्याबद्दल असलं तरी. ‘एतोरी दुक’ म्हणजे ‘आलाय तो, रे’. ‘एतोरी दुन’ म्हणजे ‘आलाय तो, गं’. एका शाळेत शिकलेले, मग दोन गोटांत गेलेले दोघे बोलताना अचानक हिका सोडून औपचारिक ‘सु’वर येतात तेव्हा काहीतरी तुटलेलं असतं. इंग्रजी ओळीत ते दिसतच नाही. आपण ‘रे’ काढून ‘तुम्ही’ लिहिलं की दिसतं.

फिल्म पुरी झाली की पहिला खेळ महोत्सवाचा नव्हे, घरच्यांचा. प्रत्येक कुटुंबासाठी वेगळा, लहान खोलीत, दाराजवळच्या खुर्च्या त्यांना, दिवे पूर्ण न विझवता. संपल्यावर मत विचारायचं नाही. दोन दिवसांनी फोन करायचा. ते एखादी चूक दाखवतील, बहुधा तपशिलाची: कोट निळा नव्हता, दार डावीकडे होतं. दुरुस्त करायची, रंगदुरुस्ती झालेली असली तरी.

दोन तासांच्या मुलाखतीतली ४ मिनिटं फिल्ममध्ये जातात. उरलेली फेकायची नसतात. पूर्ण मुलाखत, लेखी उताऱ्यासह, बोलणाऱ्याच्या अटींवर संग्रहात जमा करावी: किती वर्षं बंद, कुणाला खुली, कोणता भाग कधीच नाही. तीन प्रती, दोन वेगळ्या माध्यमांवर, एक दुसऱ्या शहरात. हार्ड डिस्क दरवर्षी एकदा चालू करून तपासायची. आणि फोल्डरवर ‘पीडित_०४’ लिहायचं नाही. त्या माणसाचं नाव लिहायचं, तो सही करतो त्या लेखनात.